एका हाताचे जेवण आणि दोन हातांचे जेवण

प्रश्न : माझ्या मुलीचे लग्न येत्या मार्गशीर्षात नाशिकला आहे. मुहूर्त दुपारी सव्वाबाराचा असून त्या वेळी दोन्ही घरची मिळून 150 माणसे असतील. संध्याकाळी त्याच कार्यालयात 7 ते 10:30 स्वागत समारंभ आहे आणि त्याला 400 पाहुणे अपेक्षित आहेत. भोजनगृहात एका वेळी 120 माणसे टेबल-खुर्चीवर बसतात, बाहेर मोठी हिरवळ आहे. माझ्या यजमानांचा आग्रह आहे की दोन्ही वेळा पंगतच हवी, मसालेभात आणि जिलबी-मठ्ठ्याची. मुलीला संध्याकाळी बुफे हवा आहे, त्यात चाट आणि डोशाचे काउंटर हवेत. होणारे जावई 5 वर्षे जर्मनीत होते. त्यांनी सुचवले आहे की गोल टेबले मांडून सूप, स्टार्टर, मुख्य जेवण आणि गोड असे एकामागून एक वाढावे. व्याही जळगाव जिल्ह्यातले आहेत आणि त्यांचा निरोप एवढाच आहे की आमच्याकडे लग्न म्हणजे वरण-बट्टी. केटररला या आठवड्यात उत्तर द्यायचे आहे. यजमान म्हणतात की बुफेत आग्रह कोण कुणाला करणार? त्यालाही माझ्याकडे उत्तर नाही.
– एक वधूमाता, नाशिक

उत्तर :

ताई, सप्रेम नमस्कार. केटररला या आठवड्यात कळवायचे आहे, म्हणून निर्णय आधी सांगते आणि कारणे मागाहून देते. दुपारी पंगत ठेवा आणि तिच्यात वरण-बट्टी वाढा. संध्याकाळी बुफे ठेवा, पण हिरवळीवर माणसे जेवत असतानाच भोजनगृहातल्या 120 खुर्च्यांवर बसवून वाढण्याची सोयही चालू राहू द्या. टेबलावर एकामागून एक प्रकार वाढण्याची जावयांची कल्पना चांगली आहे, मात्र ती 400 माणसांसाठी नाही. तिचा एक भाग संध्याकाळी घेता येईल आणि उरलेला भाग कुठे घ्यावा तेही खाली सांगितले आहे.

तुमच्या पत्रातल्या बाकी प्रत्येकाने जेवण कसे वाढावे याविषयी ठाम मत दिले आहे, फक्त तुमच्या व्याह्यांनी काय वाढावे एवढेच सांगितले आहे, आणि माझ्या मते या प्रश्नाचे कुलूप त्यांच्याच किल्लीने उघडते. माझ्या वडिलांचा लग्नकार्यातल्या स्वयंपाकाचा व्यवसाय होता. यजमान बोलणी करायला आले की ते दराची गोष्ट शेवटी काढत आणि आधी विचारत, "बसून की उभ्याने?" कारण त्या उत्तरावर त्यांची पदार्थांची यादी बदलत असे. उभ्या माणसाचा डावा हात ताटात अडकलेला असतो आणि जेवायला त्याच्याजवळ एकच हात उरतो. बसलेल्या माणसाचे ताट टेबलावर स्थिर असते, वाटी सरकत नाही, पाण्याचे भांडे हाताशी असते आणि त्याला कालवता येते, कुस्करता येते. आपले बहुतेक जुने लग्नाचे पदार्थ बसलेल्या माणसासाठी जन्माला आलेले आहेत.

बट्टीचेच पाहा. गव्हाच्या जाडसर पिठात ओवा, जिरे, हळद आणि मोहन घालून तिचे गोळे करतात, ते उकडून त्यांचे तुकडे कापतात आणि तळतात. पानात आल्यावर ती हाताने कुस्करायची, मधोमध आळे करायचे, त्यात तुरीचे घट्ट वरण ओतायचे, वरून तूप घ्यायचे आणि शेजारच्या घोटलेल्या वांग्याच्या भाजीबरोबर खायची. हे चमच्याने होत नाही आणि एका हाताने तर नाहीच नाही. भुसावळकडच्या एका लग्नात मी बुफेत वरण-बट्टी ठेवलेली पाहिली. चमच्याने दाबली की बट्टी ताटाच्या काठाकडे पळत होती. शेवटी धोतर-टोपीतल्या एका आजोबांनी कार्यालयाबाहेर उभ्या असलेल्या मोटारसायकलच्या सीटवर ताट ठेवले, दोन्ही हातांनी बट्टी व्यवस्थित कुस्करली आणि तिथेच उभे राहून शांतपणे जेवण केले. पाच मिनिटांत त्या रांगेतल्या सगळ्या मोटारसायकलींवर ताटे दिसू लागली. तिथल्या यजमानांनी व्याह्यांचा मान ठेवण्यासाठीच बट्टी केली होती, पण वाढण्याच्या पद्धतीने तो मान घालवला.

तेव्हा वरण-बट्टी दुपारच्या पंगतीत. 150 पैकी पहिल्या पंगतीला वराकडची सगळी मंडळी आणि तुमच्याकडची वयस्कर माणसे बसतील, दुसऱ्या पंगतीला वधूवर, करवल्या, विहिणी आणि तुम्ही दोघे. दुसरी पंगत लहान असल्याने घास भरवणे, उखाणे आणि गप्पा यांना तिथे मोकळा वेळ मिळतो आणि मागे कोणी ताटकळत नाही. यजमानांचा मसालेभात आणि जिलबी-मठ्ठाही याच पंगतीत येऊ द्या. बट्टी आणि मसालेभात दोन्ही जड आहेत हे खरे, म्हणून बट्टीच्या पानात पुऱ्या नकोत, साधा वरणभात मूदभर आणि मसालेभात मागेल त्याला. अळूची भाजी ठेवायची असेल तर ती वाटीत द्या. आचारी खानदेशातला मिळाला तर उत्तम. नाशिकचाच असेल तर त्याच्याकडून आधी एकदा बट्टी करून घ्या आणि ती व्याह्यांकडच्या एखाद्या जाणत्या बाईंना चाखायला द्या. इंटरनेटवर पाहून केलेली बट्टी आणि जळगावची बट्टी यांतला फरक त्यांना पहिल्या घासाला कळतो, आणि बोलून दाखवायचा राहिला तरी तो लक्षात राहतो.

आता संध्याकाळकडे वळू. यजमानांना पंगत का नाही हे समजावताना परंपरा, काळ, नवी पिढी असले विषय काढू नका, त्याने वाद वाढतो. कागद आणि पेन्सिल घ्या. 120 खुर्च्या आणि 400 माणसे म्हणजे तीन भरलेल्या पंगती आणि चौथी 40 जणांची. एक पंगत जेवून उठायला 40 मिनिटे धरली आणि उष्टी काढून, टेबले पुसून पुन्हा पाने मांडायला 10 मिनिटे धरली, तर साडेसातला पहिली, 8:20 ला दुसरी, 9:10 ला तिसरी आणि 10 ला चौथी पंगत बसेल. चौथी उठेल तेव्हा 10:40 झालेले असतील आणि कार्यालयाने दिलेली वेळ संपलेली असेल. हे सारे काही बिघडले नाही तर. शिवाय वराकडच्या मंडळींना जळगावकडे परतायचे असेल तर धुळ्यावरून साधारण अडीचशे किलोमीटरचा रस्ता आहे. त्यांची बस नऊच्या पुढे थांबवणे बरे नाही.

मोठ्या लग्नांत एकामागून एक पंगती बसतात तेव्हा काय होते ते यजमानांनी पाहिलेले असणारच, पण मुलीच्या लग्नाच्या उत्साहात विसरले असतील. तुम्ही जिलबीचा पहिला तुकडा तोडता आणि खुर्चीच्या पाठीवर एक हात येऊन विसावतो. मागे एक गृहस्थ उभे असतात. ते काही बोलत नाहीत, छताकडे पाहतात, पण त्यांची पर्स आणि नातू तुमच्या टेबलाच्या कडेला आधीच येऊन बसलेले असतात. तुम्ही मठ्ठा न पिता उठता. आग्रहासाठी पंगत हवी म्हणणाऱ्या यजमानांनी हा प्रसंग डोळ्यांसमोर आणावा. ज्याच्या मागे रांग उभी आहे त्याला आणखी एक जिलबी घ्या म्हणणे हा आग्रह राहत नाही, ती त्याची पंचाईत होते.

जावयांच्या सूचनेचा मी जरा सविस्तर विचार केला, कारण ती देताना त्यांच्या मनात पाहुण्यांना नीट बसून, गरम आणि निवांत जेवता यावे हाच हेतू असणार. त्यांना हेही सांगा की एकामागून एक वाढण्याची रीत आपल्या पंगतीत पूर्वीपासून आहे, फक्त तिचा क्रम निराळा आहे. युरोपातल्या जेवणात प्रत्येक प्रकाराला नवी बशी येते आणि गोड शेवटी येते. आपल्या पानात मीठ, लिंबू, चटणी, कोशिंबीर, लोणचे डावीकडे आणि भाज्या उजवीकडे आधीच वाढलेल्या असतात. मग वरणभात आणि त्यावर तूप, मग पोळी किंवा पुरी, मध्येच पक्वान्न, मग मसालेभात आणि शेवटी ताकभात किंवा दहीभात. म्हणजे बशी तीच राहते आणि भात बदलतो. गोडाची जागा मध्यावर आहे, कारण पक्वान्नानंतर तिखट-आंबट घेऊन जेवण पुन्हा चालू होते आणि ताकावर निवते. त्यामुळे मराठी पदार्थ चार भागांत तोडून वाढले तर बहुतेकांना पहिल्या दोन भागांत जेवण सुरू झाल्यासारखेच वाटत नाही, आणि कोशिंबीर नेमकी कशाबरोबर खायची होती हे आठवेपर्यंत ती उचलून नेलेली असते.

पण रुचीचा भाग बाजूला ठेवला तरी आकडे जुळत नाहीत. एका टेबलाला 10 माणसे धरली तर 400 माणसांना 40 टेबले लागतात आणि भोजनगृहात 12 मावतात. चार प्रकारांच्या जेवणाला दीड तास सहज लागतो, त्यामुळे तिथे पाळ्या लावण्याचा प्रश्नच उद्भवत नाही. उरलेली टेबले हिरवळीवर मांडली तर मार्गशीर्षातले नाशिक आडवे येते. शेजारच्या निफाडचा पारा दरवर्षी याच दिवसांत बातम्यांत येतो. रात्री आठनंतर उघड्यावर आणलेले सूप चौथ्या टेबलाजवळ पोहोचेपर्यंत कोमट होते. शिवाय दोन टेबलांना एक याप्रमाणे 20 सराईत वाढपी लागतील, आणि स्वयंपाकघरात एकाच वेळी शेकडो बशा भरून गरम असतानाच बाहेर काढणारी जागा आणि माणसे लागतील. मोठ्या हॉटेलांकडे ती व्यवस्था असते. मंगल कार्यालयाच्या स्वयंपाकघराची रचना मोठ्या पातेल्यांसाठी असते, बशांसाठी नसते. जावयांची हौस लग्नानंतर 25-30 मित्रमंडळींच्या जेवणात पुरवावी. तिथे ती शोभेल आणि त्यांना स्वतःला बसून जेवायला मिळेल, जे स्वागत समारंभात नवरदेवाला कधीच मिळत नाही.

त्यांच्या कल्पनेतला जो भाग संध्याकाळी घ्यावा असे मी म्हटले तो पहिल्या दोन प्रकारांचा. स्वागत समारंभात पाहुण्याला सगळ्यात जास्त भूक लागते ती व्यासपीठासमोरच्या रांगेत. हातात आहेराचे पाकीट, पुढे साठ माणसे, आणि फोटोवाला प्रत्येक कुटुंबाला तीनदा हसायला लावणारा. या रांगेतच वाढप्यांना ट्रे घेऊन फिरू द्या. टोमॅटोचे गरम सार लहान ग्लासात दिले तर थंडीत त्याला तोड नाही. ते एका हाताने पिता येते आणि चमचा लागत नाही. बरोबर एका घासात संपणारे दोन पदार्थ पुरेत, उदाहरणार्थ कोथिंबीर वडी आणि सुरळीची वडी. कोथिंबीर वडी तळल्याबरोबर बाहेर आली पाहिजे, त्यामुळे तिचा तवा किंवा कढई भोजनगृहाच्या मागे न ठेवता हिरवळीच्या कोपऱ्यात ठेवा. सॉस, चटणी किंवा काडी लागणारे पदार्थ या वेळी टाळा, कारण पाहुण्याला लगेच पुढे जाऊन वधूवरांशी हस्तांदोलन करायचे असते.

बुफेबद्दल तुमच्या मुलीचे म्हणणे मला मान्य आहे, पण तिने पाहिलेले बुफे बहुधा फोटोंतले आहेत. बुफेची खरी कसोटी रांगेत लागते. एक माणूस दर 15 सेकंदांनी ताट घेऊन पुढे सरकतो असे धरले तर एका रांगेतून मिनिटाला 4 आणि 400 माणसे जायला 100 मिनिटे लागतात. टेबल भिंतीला न टेकवता मध्ये मांडून दोन्ही बाजूंनी वाढून घेता येईल असे केले आणि अशी दोन टेबले केली, तर चार रांगा होतात आणि तेच काम 25 मिनिटांत उरकते. केटररला यासाठी पदार्थ जास्त करावे लागत नाहीत, भांडी मात्र जास्त मांडावी लागतात, म्हणून तो स्वतःहून हे सुचवत नाही. तुम्ही आग्रह धरा. ताटे रांगेच्या सुरुवातीला, चमचे आणि रुमाल शेवटी, गोड वेगळ्या टेबलावर आणि पाणी त्याहूनही लांब असू द्या. पाण्याचा जार गोडाजवळ ठेवला की तिथे जी गर्दी साचते ती समारंभ संपेपर्यंत हलत नाही.

सगळ्यात मोठी कोंडी फुलक्यांची होते. भाजी वाढायला पाच सेकंद लागतात आणि गरम फुलक्यासाठी माणूस दोन मिनिटे उभा राहतो, त्याच्यामागे भाजी निवत असलेली ताटे घेऊन वीस जण. फुलक्यांचे काउंटर रांगेतून बाहेर काढा आणि टोपलीत फुलके घेऊन पाहुण्यांमध्ये फिरणारी चार माणसे ठेवा. डोशाच्या बाबतीतही मुलीला हाच हिशेब दाखवा. लांब तव्यावर एका वेळी सहा लहान डोसे निघत असतील आणि एका घाण्याला चार मिनिटे लागत असतील, तर तासाला 90 डोसे होतात. 400 पाहुण्यांना ते पुरे पडणार नाहीत, म्हणून एक तर दोन तवे हवेत किंवा डोसा नको. चाट चालेल, ते पटकन होते. दोन काउंटरच्या पुढे जाऊ नका. आठ-दहा काउंटर असलेल्या लग्नांत लोक प्रत्येक ठिकाणी थोडे थोडे खातात आणि घरी जाऊन भूक लागली म्हणून दूधपोहे करतात, हे मी स्वतःच्या घरी अनुभवले आहे.

मुख्य जेवण एका हाताचे असावे. पुलाव किंवा बिर्याणी, घट्ट रस्सा असलेली एक भाजी, एक कोरडी भाजी, फुलके, दाल आणि कढीपैकी एकच पातळ पदार्थ, कोशिंबिरीऐवजी काकडी-गाजराच्या फोडी. गोडात बासुंदी किंवा श्रीखंड लहान वाटीत. पुरणपोळी संध्याकाळी उभ्याने नकोच, तिच्यावर तूप घ्यायचे आणि तीच सांभाळायची, हे कोणालाही जमत नाही. यजमानांना जिलबी हवीच असेल तर ती कढईतून निघताना द्या, तिच्याबरोबर मठ्ठ्याचा ग्लास ठेवा आणि त्या टेबलाभोवती उंच, उभ्याने ताट टेकवता येईल अशी आठ-दहा टेबले मांडायला सांगा. हिरवळीवर निदान 150 खुर्च्याही असू द्या. बुफे म्हणजे खुर्च्या नकोत हा गैरसमज कुणी पसरवला कोण जाणे.

गरम पदार्थ किमान 60 अंश सेल्सिअसवर राहिले पाहिजेत हा अन्नसुरक्षेचा सर्वमान्य नियम आहे. खाली स्पिरिट जळणाऱ्या झाकणाच्या भांड्यांत तो बंद जागेत पाळता येतो, पण उघड्या हिरवळीवर वारा ज्योत विझवतो. म्हणून बुफेची मुख्य टेबले मंडपाखाली आणि तीन बाजूंनी कनाती लावून ठेवायला सांगा, आणि भांडी लहान ठेवून वारंवार भरायला सांगा. चारशे जणांचा पुलाव एकदम बाहेर आणून ठेवला की साडेनऊला येणाऱ्या पाहुण्याला तळाशी चिकटलेला गार भात मिळतो. साडेनऊला येणारे बहुधा यजमानांच्या कार्यालयातले लोक असतात, म्हणजे ज्यांच्यासमोर त्यांना रोज बसायचे आहे तेच.

काउंटर साडेसातला उघडा, वधूवर व्यासपीठावर आले असोत वा नसोत. हे मी कळकळीने सांगते, कारण माझ्याच भाच्याच्या स्वागत समारंभात आम्ही वधूवर येईपर्यंत जेवण थांबवले होते. ते दोघे फोटोसाठी बाहेर गेले होते आणि सव्वाआठच्या सुमारास आले. तोवर तीनशे माणसे काउंटरपासून दहा पावलांवर घोटाळत होती, कोणी भांड्याचे झाकण उचलून पाहत होते, मुले पापड पळवत होती. झाकणे उघडली तेव्हा सगळे एकदम आले, वीस मिनिटांत फुलके संपले, पुढची कणीक मळलेली नव्हती, आणि माझ्या वहिनींनी व्याह्यांना भाताचे ताट हातात देत "पोळ्या येताहेत" असे तीनदा सांगितले. पोळ्या आल्या तेव्हा व्याही हात धूत होते.

भोजनगृहातल्या 120 जागांचे काय ते आता सांगते. तिथे बुफेतलेच पदार्थ, पण ताटात वाढून द्यायचे. वेगळा स्वयंपाक नको. साडेसातला पहिल्यांदा वराकडची ज्यांना परतायचे आहे ती मंडळी बसतील, त्यानंतर गुडघे दुखणारी, कडेवर मूल असलेली, मधुमेहामुळे वेळेवर जेवावे लागणारी अशी जी येतील ती. एकदम पंगत बसवून एकदम उठवायची नाही, जागा होईल तसे लोक येतील. यासाठी 8 वाढपी पुरतात, पाणी देणारे दोघे वेगळे. एक विनंती, दारावर "ज्येष्ठ नागरिकांसाठी" अशी पाटी लावू नका. आमच्या नात्यातले एक 71 वर्षांचे काका अशी पाटी पाहून मागे फिरले होते आणि हट्टाने डोशाच्या रांगेत उभे राहिले होते. पाटीऐवजी घरातले दोन तरुण दाराशी उभे करा. त्यांनी ज्यांना बोलवायचे त्यांच्याजवळ जाऊन "आत पान वाढले आहे, चला" एवढे म्हणावे. या वाक्याला नकार देणारा मराठी माणूस मला अजून भेटलेला नाही.

केटररशी बोलताना दर पानामागे ठरेल, तेव्हा पान म्हणजे नेमके काय हे लिहून घ्या. बुफेत वापरलेल्या मोठ्या ताटांवरून माणसे मोजण्याची पद्धत असते, आणि गोडासाठी किंवा दुसऱ्यांदा वाढून घेताना पाहुण्याने नवे ताट उचलले की तुमच्या हिशेबात एक माणूस वाढतो. चाट आणि गोडासाठी वेगळ्या लहान बशा ठेवा, मोजणी फक्त मोठ्या ताटांची होईल असे लिहा, आणि समारंभ सुरू होताना ताटांची संख्या घरच्या एका माणसासमोर मोजा. फिरवायचे सार आणि वड्या दरात धरल्या आहेत का, भोजनगृहातले वाढपी धरले आहेत का, हेही विचारा. हे दोन खर्च शेवटच्या बिलात "जादा" म्हणून उगवतात. थर्मोकोलची ताटे आणि वाट्या कोणी देऊ केल्याच तर स्पष्ट नाही म्हणा, 2018 पासून राज्यात त्यांच्यावर बंदी आहे. दुपारच्या पंगतीला केळीची पाने हवी असतील तर आधी सांगून ठेवा आणि टोक डावीकडे येईल असे पान मांडणारा एक तरी माणूस वाढप्यांत आहे ना तेही पाहा.

चव घ्यायला बोलावतील तेव्हा तुम्ही चौघे जा, आणि केटरर खुर्च्या देईल त्या नाकारा. उभे राहून, डाव्या हातात ताट धरून, सगळे पदार्थ एकदम वाढून घेऊन खा. जो पदार्थ सांडेल तो संध्याकाळच्या यादीतून काढून दुपारच्या यादीत टाका. जावई आणि मुलगी दोघांनाही यात गंमत वाटेल आणि वाद तिथेच मिटतील.

राहिला यजमानांचा प्रश्न, बुफेत आग्रह कोण करणार. आग्रह पंगतीत वाढपी करत नसतात, घरची माणसे करतात, आणि घरच्या माणसांना बुफेत हिंडायला कोणी अडवलेले नाही. अडचण एवढीच असते की वधूपिता व्यासपीठाशेजारी पाहुण्यांना निरोप देत खिळून उभा राहतो. दुपारच्या पंगतीत वरणावरचे तूप यजमानांनी स्वतः वाढावे, सगळ्या पानांवर, पहिल्यापासून शेवटपर्यंत. संध्याकाळी साडेआठच्या सुमारास व्यासपीठाजवळची जबाबदारी मेहुण्यांकडे देऊन त्यांच्या हातात कढईतून निघालेल्या जिलब्यांचे ताट आणि चिमटा द्या. हिरवळीवर जेवत उभ्या असलेल्या प्रत्येकाजवळ त्यांनी जावे. ज्याच्या डाव्या हातात ताट आणि उजव्या हातात घास आहे, त्याला "नको, नको" म्हणत हात आडवा करता येत नाही. आग्रहाला याहून सोयीची जागा पंगतीतही मिळणार नाही, हे त्यांना कळल्यावर ताट पुन्हा भरायला ते तीन-चारदा येतील. म्हणून जिलबी मोजताना थोडी जास्तच धरा.